हट्टाचे चिंचोके

कूलरच्या जाळीत नवा वाळा भरला की दुर्गजवळच्या आमच्या रिसालीत उन्हाळा लागला, असं मी धरते. कॅलेंडर काय म्हणतं त्याच्याशी मला देणंघेणं नाही. इथे वाळ्याला कुणी वाळा म्हणत नाही, खस म्हणतात. मीही बाजारात खस मागते आणि घरी येऊन वाळा म्हणते. पहिल्या दिवशी पाणी सोडलं की त्याचा वास घरभर फिरतो, आणि त्या वासाबरोबर काही जुनी माणसं न बोलावता येऊन बसतात. दोन-तीन दिवसांनी नाकाला सवय होते. मग तीही उठून जातात.

यंदा वाळा भरत होते तेव्हाच सई आली. सई माझ्या भावाची, मधुदादाची मुलगी. बंगळुरात नोकरी करते आणि उरलेल्या वेळात दोन मित्रांबरोबर कॉम्प्युटरवरचे खेळ बनवते. मोठ्या कंपन्यांचे नव्हेत, घरगुती पापडासारखे, तिघांनी मिळून लाटलेले. खेळणाऱ्याने एक पात्र घ्यायचं, त्याच्या नावाने बोलायचं, भांडायचं, वाट निवडायची, अशा जातीचे. दर मे महिन्यात ती माझ्याकडे येते. तिचं म्हणणं, इथे तिचं डोकं चालतं. माझं म्हणणं, इथे आयतं जेवण मिळतं. दोन्ही खरं असावं.

"आत्या, एक बच्चा चाहिए," लॅपटॉप उघडता उघडता ती म्हणाली. "गेममध्ये. आठ-नऊ वर्षांचा. लहान पोट्टे कसे बोलतात, सांग ना."

"तूही होतीसच ना लहान."

"मले नाही आठवत. बडे होके सब भूल जाते हैं."

तिने आधीच एक मुलगा काढून ठेवला होता. डोळे बशीएवढे, अंगावर फाटका सदरा, गालावर काजळी. खेळाच्या पहिल्या भागात हा मुलगा नायकाच्या मागेमागे फिरतो, गोड गोड बोलतो, आणि मग डाकू त्याला मारतात. त्यामुळे नायकाला राग येतो आणि खेळ पुढे सरकतो. सईने हे मला अगदी सहज सांगितलं. भाजीत मीठ किती घालायचं ते सांगावं तसं.

"म्हणजे हे मूल नाही," मी म्हटलं, "काडेपेटीतली काडी आहे. पेटवली, फेकली."

ती हसली, पण तिला ते लागलं असावं. कारण तिने तो मुलगा पुसला नाही तरी स्क्रीन खाली केला आणि विचारलं, "तर मग कसं बनवायचं?"

मला खेळ बनवता येत नाहीत. कॉम्प्युटरवर मी फक्त वीजबिल भरते. पण मूल कसं बनवतात ते मी एकदा पाहिलं होतं. एका उन्हाळ्यात, सेक्टरमधल्या क्वार्टरच्या व्हरांड्यात, बसून, डोळ्यांदेखत.

तेव्हा इकडचं राज्य वेगळं झालं नव्हतं, आमच्या पत्त्यात मध्य प्रदेश लिहायचं. ओळीत सारखी क्वार्टरं, प्रत्येकापुढे लोखंडी फाटक, फाटकाशी एक पायरी. ओळीतल्या बऱ्याच घरांतले बाप स्टील प्लांटमध्ये शिफ्टला जात. एक आठवडा सकाळची पाळी, एक दुपारची, एक रात्रीची. रात्रपाळीचा माणूस सकाळी घरी यायचा, आंघोळ करून काहीतरी खाऊन झोपायचा, आणि त्याच्या बायकोने त्याचं हेल्मेट बाहेर फाटकाच्या कडीला टांगलेलं असायचं. हेल्मेट टांगलं म्हणजे आत माणूस झोपलाय. कुणी असा नियम केला ते माहीत नाही. पण तो सगळ्यांना माहीत होता. पोस्टमन घंटी वाजवायचा नाही. उतई गावाकडून टोपली घेऊन येणारी भाजीवाली आरोळी गिळायची, फाटकापाशी येऊन हळूच विचारायची, "सुते हे का दाई?" झोपलेत, असं आई मानेने सांगायची, आणि मग तोंडली-भेंडीचा सगळा सौदा खुणांवर चालायचा. भावातली घासाघीससुद्धा. मला वाटतं आमच्या ओळीतल्या बायका खुणांनी जितकं भांडू शकत तितकं इतर गावांतल्या बायकांना ओरडूनही जमत नसेल.

आमचे बाबा ड्रॉइंग ऑफिसात होते, त्यांना पाळ्या नव्हत्या. पण आमचं आणि शेजारच्या नंदाचं क्वार्टर एका भिंतीचं होतं, आणि नंदाचे बाबा रोलिंग मिलमध्ये. त्यामुळे दर तिसऱ्या आठवड्याला आमचंही तोंड शिवलं जायचं. मेच्या सुट्ट्यांत बाहेर लूचा तापलेला वारा चाललेला. शिवाशिवी नाही, विटीदांडू नाही, कॅरमसुद्धा नाही, कारण सोंगटी भोकात पडली की आवाज होतो. अशा वेळी पोरांनी करायचं काय?

मधुदादाने त्यावर तोड काढली. तो आमच्यात मोठा, आठवीतून नववीत गेलेला. बाबा ऑफिसातून रद्दीत निघालेले मोठमोठे निळे नकाशे आणत. त्यांच्या कोऱ्या बाजूला त्याने एक देश काढला. डोंगर, किल्ला, मध्ये आमच्याकडची शिवनाथ नदी, टोकाला लाल डोंगर. त्या डोंगरात खजिना. आम्ही प्रत्येकाने एक पात्र बनवायचं आणि खजिन्यापर्यंत पोचायचं. रस्त्यात काय घडतं ते दादा कुजबुजत सांगणार, आम्ही कुजबुजत उत्तर देणार. पात्र बनवायला प्रत्येकाला ओंजळभर फोडलेले चिंचोके मिळत. ताकद, पळ, डोकं आणि नशीब अशा चार ढिगांत ते वाटायचे. पुढे अडचण आली की त्या त्या ढिगातले चिंचोके फेकायचे. पांढरी बाजू जास्त पडली तर जमलं; दोघांत झुंज असेल तर ज्याचे पांढरे जास्त तो जिंकला. फरशीवर ते वाजू नयेत म्हणून खाली टॉवेलाची घडी असायची. पुढे कितीतरी वर्षांनी सईकडून कळलं की असले खेळ जगात सगळीकडे होते, त्यांना नावं होती, पुस्तकं होती. आमच्याकडे मात्र तो झोपलेल्या बापांमुळे आला.

मी अर्थातच राणी झाले. माझ्याकडे उडता घोडा होता. समोरच्या क्वार्टरमधला बंगाल्यांचा शिबू चंबळचा डाकू झाला आणि त्याने सगळे चिंचोके ताकदीत घातले. त्यामुळे त्याला डोकं अजिबात नव्हतं, आणि हे तो मोठ्या अभिमानाने सांगायचा. नंदाने बराच वेळ काहीच केलं नाही. चिंचोके हातात घोळवत बसली. मग म्हणाली, "माही चिंगी."

"चिंगी कोण?" दादाने विचारलं.

"लहान पोरगी आहे. माह्याहून लहान."

"लढाईत लहान पोरगी कायले पाहिजे? ताकद किती तिची?"

"नाही आहे ताकद."

"पळ?"

"ते पण नाही. थकते ती."

"अवो, मग चिंचोके ठेवशीन कुठी?"

नंदाने नकाशाच्या कडेला पेन्सिलीने एक नवं घर आखलं आणि सगळे चिंचोके त्यात ओतले. दादाने खाली वाकून पाहिलं. तिने लिहिलं होतं, हट्ट.

"असं काही नसते," दादा म्हणाला.

"लहान पोरापाशी अजून काय असते?" नंदा म्हणाली.

दादाने ते घर नकाशावर राहू दिलं. सईने विचारलं तेव्हा मीही तिला तेच सांगितलं. आई नेहमी म्हणायची, राजहट्ट, स्त्रीहट्ट आणि बालहट्ट या तिन्हींपुढे कुणाचं चालत नाही. पण पहिले दोन मिळायला आधी राज्य किंवा नवरा लागतो. तिसऱ्याला काहीच लागत नाही.

इथे एक गोष्ट सांगायला हवी, नाहीतर पुढचं कळणार नाही. त्या उन्हाळ्यात नंदाला देऊन टाकायचं ठरलेलं होतं. तिच्या बाबांचे धाकटे भाऊ गोंदियाला रेल्वेत गार्ड होते. काका-काकूंना मूल नव्हतं. इकडे तीन मुली, नंदा मधली. शाळा सुरू व्हायच्या आधी काका-काकू येणार आणि तिला कायमचं घेऊन जाणार. घरातल्या घरात मूल देण्यात तेव्हा कुणाला वावगं वाटत नसे. काकूच्या ओटीत पुण्य पडेल, पोरीचं भलं होईल, असंच सगळे म्हणत. ओळीतल्या प्रत्येक घराला हे माहीत होतं. नंदाला अजून सांगितलेलं नाही, हेही माहीत होतं. पण ज्या ओळीत सगळी बोलणी कुजबुजतच होतात, तिथल्या पोरांचे कान तिखट असतात. नंदाला ते आमच्याआधी कळलेलं असणार.

चिंगी आली आणि आमच्या खेळाचं सगळं तंत्र बिघडलं. आधी आम्ही मारत, लुटत सुटायचो. आता चिंगी मध्येच बसकण मारायची. तहान लागली. पाय पोळले. दादा चिडून म्हणायचा, सोडून द्या तिला. पण सोडायचं तर तिच्या हट्टाच्या चिंचोक्यांवर मात करावी लागे, आणि ते शिबूच्या डाकूलाही जमत नव्हतं. मग आम्ही नकाशावर विहीर काढली. सावलीसाठी आंब्याची, कडुनिंबाची झाडं काढली. तेंदूचं आणि चाराचं, म्हणजे चारोळीचं, एकेक झुडूप काढलं, चिंगीला खायला. नदीकाठी एक गाव काढलं, तिथली म्हातारी आम्हाला कांदा लावून बोरे-बासी द्यायची. उन्हाळ्यात इकडे सगळे खातात तोच पाण्यातला गार भात. माझ्या उडत्या घोड्यालाही खाली उतरून चालावं लागलं, कारण चिंगीला उंचीची भीती वाटायची. मेच्या शेवटी तो नकाशा इतका भरला की कोरी जागा शोधावी लागे. खजिन्याचं कुणाला फारसं आठवत नव्हतं.

मी हे सईला सांगितलं तेव्हा तिने लॅपटॉप माझ्याकडे वळवला. मग तिने आपल्या खेळातलं गाव दाखवलं. दुकानं होती, तलवारी विकणारा होता, दारूचा गुत्ता होता.

"यहाँ पानी पीने की जगह ही नहीं है," ती म्हणाली. "मोठ्यांले लागतच नाही."

त्या रात्री जेवण झाल्यावर ती पुन्हा लॅपटॉप घेऊन बसली. दुसऱ्या दिवशी उठून पाहते तर तिच्या गावाच्या मध्यावर हातपंप होता.

जून लागला. आकाश तापून पांढरं झालेलं, कूलरचं पाणी संध्याकाळपर्यंत कोमट. नंदाच्या फाटकावर पुन्हा हेल्मेट टांगलं गेलं, आणि त्या आठवड्यात दादाने एक शहाणपणा केला. त्याला नंदाबद्दल वाईट वाटत होतं. मोठ्यांना सांगायला जमत नाही तर आपण खेळातून आधी सवय करून द्यावी, असा त्याने विचार केला होता. त्याने मला हे नंतर सांगितलं. त्या वयातल्या मुलांना दया आली की ती अशीच तिरपी येते.

खेळात आम्ही एका महालाशी पोचलो. दादा कुजबुजला, "राजा बाहेर आला. राजा म्हणते, मले लेकरू नाही. ही चिंगी मले देऊन टाका. महालात पंखा आहे, कूलर आहे, रोज आंबे."

"ले जाओ ना यार," शिबू म्हणाला. "वैसे भी चलती नहीं."

नंदा म्हणाली, "चिंगी जात नाही."

"अवो, तिच्या भल्यासाठीच सांगून राहिला राजा. राणी पण चांगली आहे. रागवत नाही."

"कावून जाईन? तिची माय इकडे आहे."

"तिकडे सगळं भेटते तिले."

"सगळं इकडे पण आहे. विहीर आहे. झाडं आहेत. आपणच काढले ना?"

दादाने राजाच्या ताकदीचे चिंचोके टाकले. चांगले पडले, बहुतेक पांढरे. मग नंदाने हट्टाचे सगळे चिंचोके दोन्ही हातांत घेतले. तिची बोटं पुरत नव्हती. टॉवेलावर ते पसरले तेव्हा काळा शोधावा लागत होता. शिबू सगळं विसरून "अरे!" असा ओरडला आणि भिंतीपलीकडे कोणीतरी खोकलं. आम्ही चौघं श्वास धरून बसलो. खोकला थांबला. पलंग करकरला आणि पुन्हा शांत झालं.

राजा महालात निघून गेला. दादाने नकाशा गुंडाळला. नंदा घरी जाताना फाटकावरच्या हेल्मेटला हात लावून गेली, हे मी पाहिलं आणि लगेच विसरले.

मूल खेळतं तेव्हा ते पुढच्याची तयारी करत असतं, असं पुस्तकांत लिहितात. कशाची तयारी, ते मात्र मूल ठरवतं. दादाने तिला जायची सवय लावायला घेतली होती.

पुढच्याच आठवड्यात काका-काकू आले, दुपारच्या आत. परतीची गाडी दुर्गहून होती. आई म्हणाली, पाऊस लागायच्या आत नेतील, म्हणजे बरं. नंदाचे बाबा झोपलेले होते. त्यांची पाळी खरं तर रात्रीची नव्हती. त्यांनी दुसऱ्याशी बदलून घेतली होती. नंदाची आई हे माझ्या आईला सांगत होती तेव्हा तिने पदर तोंडाशी धरला होता. "म्हणाले, मले पाहणं होणार नाही. मी झोपतो. तुमी पाठवून द्या."

मग फाटकापाशी ते सुरू झालं. सायकलरिक्षा उभी, रिक्षात काकूची पिशवी, नंदाची छोटी ट्रंक. आणि नंदा फाटकाच्या पायरीवर बसलेली, दोन्ही हातांनी गज धरून. ती रडत नव्हती. बोलत नव्हती. नुसती बसली होती.

"ऊठ नंदे, गाडी सुटून राहिली," तिची आई कुजबुजली.

"चाल बेटा," काकू कुजबुजली. "तिकडे तुह्यासाठी पाळणा बांधला अंगणात."

काका घड्याळाकडे पाहून कुजबुजले. शिबूची आई समोरून येऊन हिंदीत कुजबुजली. रिक्षावाल्यानेही खाली वाकून हळूच विचारलं, "चलना हे के नहीं?" अख्खी ओळ फाटकांत येऊन उभी होती आणि एकही शब्द मोठ्याने निघत नव्हता, कारण वर कडीला हेल्मेट लटकत होतं. एरवी कुणीतरी ओरडलं असतं, एखादी चापट बसली असती, नंदाने गळा काढला असता आणि त्या गोंधळात तिला उचलून रिक्षात घातलं असतं. पोरं अशीच जातात. पण कुजबुजत कुणाला ओढता येत नाही. तिच्या आईने एकेक बोट सोडवून पाहिलं. एक सुटलं की दुसरं पुन्हा गजावर बसायचं.

मी आमच्या व्हरांड्यातून पाहत होते. मधुदादा माझ्या मागे होता. त्याचा हात माझ्या खांद्यावर होता.

मग नंदा उठली. सगळ्यांना वाटलं, निघाली. काकूने हात पुढे केला. नंदाने टाचा उंचावल्या, कडीवरचं हेल्मेट काढलं आणि फाटकाच्या गजावर आपटलं. एकदा, मग पुन्हा, मग सारखं. आमच्या ओळीत भरदिवसा एवढा आवाज कुणी केलेला मला आठवत नाही. कुत्री उठली. दोन घरं सोडून कुणी दुसरा रात्रपाळीवाला खिडकीतून शिव्या देऊ लागला.

तिचे बाबा बाहेर आले. बनियन, लुंगी, डोळे लाल. ते झोपलेले नव्हते, हे त्या डोळ्यांकडे पाहून आज मला समजतं. तेव्हा वाटलं, झोपमोड झाली.

"काय झालं?" ते म्हणाले. त्या दुपारी त्या फाटकाशी मोठ्याने बोललेले पहिले शब्द.

नंदाने हेल्मेट त्यांच्यापुढे धरलं. "मी चालली बाबा. पाहून घ्या."

एवढंच. जात नाही म्हणाली नाही. मला ठेवा म्हणाली नाही. ते तिच्याकडे पाहत राहिले. मग त्यांनी हेल्मेट हातात घेतलं आणि फाटकाच्या पायरीवर बसले. नंदा त्यांच्या शेजारी बसली. पायरी तापलेली होती, ते अनवाणी होते. काका म्हणाले, "दादा, गाडी..." नंदाचे बाबा जागचे हलले नाहीत. कुणालाच नाही म्हणाले नाहीत. फक्त बसून राहिले. रिक्षावाल्याने ट्रंक उतरवून खाली ठेवली. त्याला सांगावं लागलं नाही.

आम्ही जिंकलो होतो. शिबूने मला डोळा मारला. मी त्या दिवशी इतकी खूष होते की जेवणही गेलं नाही. राजा हरला होता, चिंगी घरी राहिली होती, खेळ असाच असतो.

काकू रिक्षात बसायच्या आधी परत आली होती. तिने पिशवीतून कागदात गुंडाळलेला एक फ्रॉक काढला आणि नंदाजवळ पायरीवर ठेवला. नंदाच्या आईला म्हणाली, "माप मागवून शिवला होता. दुसऱ्या कोणाले नाही होणार." आणि पदर सारखा करून रिक्षात चढली. हे मी तेव्हाही पाहिलं, ऐकलं. पण आमच्या खेळात त्या वाक्याला जागा नव्हती, म्हणून ते बाजूला पडून राहिलं. पुढे नंदा शिकली, नोकरीला लागली, तिचं लग्न झालं, आता रायपूरला असते. दर उन्हाळ्यात आठ दिवस ती गोंदियाला जायची, काकू असेपर्यंत. कुणी पाठवत नसे, आपण होऊन जायची.

आम्हाला मूल झालं नाही. हे वाक्य आता मला सरळ लिहिता येतं. मध्ये बरीच वर्षं येत नव्हतं. दवाखाने झाले, नवस झाले, लोकांचे सल्ले झाले. मग माझे यजमान एका संध्याकाळी म्हणाले, आता पुरे, आणि आम्ही दोघं सुटलो. ते गेल्यालाही काळ लोटला. त्या उन्हाळ्याची आठवण आली की अलीकडे मी व्हरांड्यातून पाहत नाही. मी रिक्षात बसलेली असते आणि माझी पिशवी हलकी झालेली असते.

"तर काकूचं काय करू?" सईने विचारलं. तिच्या खेळात आता चिंगी होती. नाव तेच ठेवलं होतं तिने. ताकद नाही, पळ नाही, सगळा हट्ट. फाटकापाशी ती बसते आणि उठत नाही. "व्हिलन बनाऊँ?"

"नाही," मी म्हटलं, जरा जोरातच. "फ्रॉक दे तिच्या हातात."

सईने माझ्याकडे पाहिलं. तिने टाइप केलं. मग तिने मला दाखवलं, या प्रसंगात खेळणाऱ्यापुढे तीन पर्याय येतात. मुलीला ओढून ने. मुलीला सोडून जा. मुलीला समजाव.

"चौथा टाक," मी म्हटलं. "शेजारी बस."

"बसून काय होते?"

"काही नाही. वेळ जातो."

"आत्या, गेममध्ये काहीतरी झालं पाहिजे. वरना लोग छोड़ के चले जाएँगे."

"जाऊ दे. जे बसतील ते बसतील."

तिने मान हलवली, पण तो पर्याय घातला. दोन दिवस ती त्या एका जागेवर अडून होती. मुलीशेजारी कुणी बसलं की पडद्यावर काय हलवायचं, तेच तिला कळेना. शेवटी तिने झाडाची सावली सरकवली. फार हळू. मी चष्मा लावून बराच वेळ पाहिली तेव्हा कळली.

जून लागला की सई जाते. यंदाही तिची गाडी दुर्गहून होती. सकाळी मी तिला पोळ्या-भाजीचा डबा दिला, कैरीचं लोणचं दिलं. तिच्या वडलांना, मधुदादाला नागपूरला फोन लावून सांगितलं की निघते आहे. खसचा वास एव्हाना संपला होता, जाळीवर पिवळट क्षार धरले होते. सगळं रीतसर चाललं होतं. मी कुणाला राहा म्हणत नाही. सईला तर कधीच म्हटलं नाही. तिला तिचं आयुष्य आहे, आणि आत्याने कोणत्या तोंडाने म्हणायचं?

ऑटो आला. सईने बॅग उचलली, मला वाकून नमस्कार केला, फाटकापाशी आली आणि थांबली. मी कडी धरून उभी होते. कडी मी उघडत नाही आहे, हे मला तिच्या चेहऱ्यावरून कळलं.

"आत्या," ती म्हणाली, "गाडी सुटून राहिली."

"हो," मी म्हटलं. कडी हातातच होती. बोटं माझीच, पण ऐकत नव्हती. मी हसायचा प्रयत्न केला. "सोडते. सोडते ना."

सई माझ्या हाताकडे पाहत राहिली. मग तिने बॅग खाली ठेवली आणि फाटकाच्या पायरीवर बसली. ऑटोवाल्याने हॉर्न वाजवला. आमच्या गल्लीत आता हेल्मेट कुणी टांगत नाही, त्यामुळे त्याला कुणी गप्प केलं नाही. तो वाजवत राहिला. मी तिच्या शेजारी बसले.